चढण सोपी, उतरण अवघड : कुत्र्याच्या शिडीची गोष्ट



आजच्या व्याख्यानाची पत्रिका वाचून एका जुन्या विद्यार्थ्याने मला फोन केला. म्हणाला, "सर, तुम्ही आयुष्यभर आम्हाला कांट शिकवला, आता म्हातारपणी कुत्री शिकवणार का?" मी म्हटलं, बाबा रे, कांट तुम्हाला कितपत समजला ते मला परीक्षेच्या उत्तरपत्रिकांत दिसलंच होतं. कुत्र्याचं तसं नसतं. त्याला समजलं की नाही हे त्याच क्षणी कळतं, पेपर तपासावे लागत नाहीत.

विषय सुचला तो असा. दरवर्षी 26 जानेवारीला पोलीस कवायत मैदानावर संचलन होतं. आपण जळगावचे असा की धुळ्याचे, लहानपणी एकदा तरी बापाच्या खांद्यावर बसून ते पाहिलेलं असतं. संचलनानंतर श्वानपथकाची प्रात्यक्षिकं झाली की मैदानावरची सगळी पोरं पुढे सरकतात. मी नातवाला घेऊन गेलो होतो. एक लॅब्राडोर आला. समोर दोन फळ्या एकमेकींना टेकवून तंबूच्या आकाराचा चढाव केलेला. तो धावत वर गेला, टोकावर क्षणभर थांबला, आणि पलीकडून उतरताना अगदी शेवटपर्यंत, जमिनीला पाय लागेपर्यंत, चालत उतरला. उडी मारली नाही. नातू म्हणाला, "आजोबा, खालून दोन फुटांवर होता, उडी का नाही मारली?"

प्रश्न चांगला होता. मला त्याचं उत्तर येत होतं, आणि ते कुठल्याही पुस्तकातून आलेलं नव्हतं. पण तिथे शेवटी येऊ.

आधी थोडा इतिहास. माणसाने कुत्र्याला कामाला लावलं त्याला हजारो वर्षं झाली. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात सरमेची कथा आहे. पणींनी गाई पळवून लपवल्या, इंद्राने माग काढायला सरमा ही कुत्री पाठवली, आणि ती रसा नदी ओलांडून थेट चोरांच्या दारात उभी राहिली. आपल्या श्वानपथकाची मूळ आजी म्हणा हवं तर. पणी तिला बहीण म्हणून वाटा देऊ करतात, तिथेच राहा म्हणतात, आणि ती नाकारते. म्हणजे लाच न घेणारी तपास अधिकारी. आपल्या परंपरेत कुत्र्याचं स्थान तसं दुहेरीच. दत्ताच्या पायाशी चार कुत्री, खंडोबाबरोबर कुत्रा, धर्मराजाच्या शेवटच्या वाटेवर कुत्रा. आणि दारात आलं की हाड् म्हणायचं तेही कुत्र्यालाच.

ग्रीकांकडे क्रिसिप्पस नावाचा स्टोइक तत्त्वज्ञ होता. त्याच्या नावावर एक कुत्रा प्रसिद्ध आहे. सावजाच्या मागे धावणारा कुत्रा तिठ्यावर येतो. पहिली वाट हुंगतो, वास नाही. दुसरी हुंगतो, वास नाही. मग तिसरी न हुंगताच तिच्यावरून सुसाट सुटतो. म्हणजे कुत्र्याने अनुमान केलं! सावज या तीनपैकी एका वाटेने गेलं, पहिल्या दोन्हींनी नाही, म्हणून तिसरीने. दोन हजार वर्षं लोक यावर भांडले की हा तर्क आहे की नुसती सवय.

देकार्त म्हणाला, जनावर म्हणजे यंत्र. पण त्याच देकार्तने 1630 मध्ये मेर्सेनला लिहिलेल्या पत्रात सांगितलं आहे की व्हायोलिन वाजवत कुत्र्याला पाचसहा वेळा फटके दिले, तर पुढे नुसता व्हायोलिनचा आवाज ऐकून ते केकाटत पळेल. पावलॉव्हच्या पावणेतीनशे वर्षं आधी! मी हे वर्गात फार रंगवून सांगायचो. पोरं हसायची. त्या फटक्यांकडे मात्र माझं लक्ष जायचं नाही. ते का जायचं नाही, हेही पुढे कळेल.

आता शिडी, भिंत आणि फळी यांकडे वळू. कुत्र्याला मुद्दाम अडथळे चढायला शिकवायची पद्धतशीर सुरुवात झाली ती पोलिसांमुळे. 1899 मध्ये बेल्जियमच्या घेंट शहरात पोलिसांनी रात्रीच्या गस्तीला कुत्री घेतली. त्याच वर्षी जर्मनीत फॉन श्टेफानिट्झ या घोडदळातल्या माजी अधिकाऱ्याने जर्मन शेफर्डची संस्था काढली. मेंढ्या राखणाऱ्या कुत्र्यांना काम उरणार नाही हे त्याने ओळखलं होतं, म्हणून त्याने ती पोलिसांकडे वळवली. चोर भिंत ओलांडून पळतो, तर कुत्र्यालाही भिंत ओलांडता आली पाहिजे. एवढा साधा हिशेब. त्यातून ती भिंत सरावात आली आणि स्पर्धेतही. आजच्या आंतरराष्ट्रीय चाचण्यांत ती सरळ उभी नसते, दोन्ही बाजूंनी उतरती असते, आणि कुत्र्याने तोंडात लाकडी डंबेल घेऊन ती परत ओलांडायची असते.

याच काळात कॉनराड मोस्ट नावाचा जर्मन पोलीस अधिकारी होता. त्याने 1910 मध्ये कुत्र्यांच्या शिक्षणावर पुस्तक लिहिलं. माणूस कडक, दाम-दंडातला दंड त्याला फार प्रिय. पण एक गोष्ट त्याने पक्की ओळखली होती : बक्षीस असो की शिक्षा, ती त्या क्षणी मिळाली पाहिजे. दोन सेकंद उशीर झाला की कुत्रा दुसरंच काहीतरी शिकतो. स्किनरचं पहिलं पुस्तक यायला अजून 28 वर्षं होती. प्रयोगशाळेने ज्याला सिद्धान्ताचं रूप दिलं ते मैदानावर आधीच चालू होतं, आणि ज्ञानाच्या इतिहासात असं नेहमी घडतं. आमच्या विषयात गिल्बर्ट राइलने 1949 मध्ये हाच भेद मांडला : एखादी गोष्ट 'काय आहे' हे माहीत असणं वेगळं आणि ती 'कशी करायची' हे येणं वेगळं. पोहण्यावरचा प्रबंध लिहिणारा तापीत बुडू शकतो.

भारतात पोलिसांची श्वानपथकं स्वातंत्र्यानंतर उभी राहिली. 1951 मध्ये मद्रासला सुरुवात झाली. लष्कराने 1959 च्या सुमारास मेरठला रिमाउंट अँड व्हेटर्नरी कोअरच्या केंद्रात कुत्र्यांचं शिक्षण सुरू केलं. सीमा सुरक्षा दलाचं ग्वाल्हेरजवळच्या टेकनपूरचं केंद्र 1970 चं. आपल्याकडे पुण्यात शिवाजीनगरला गुन्हे अन्वेषण विभागाचं श्वान प्रशिक्षण केंद्र आहे. जिल्ह्यांच्या पथकांतली कुत्री आणि त्यांना सांभाळणारे पोलीस तिथे काही महिने बरोबर शिकतात. बरोबर, हा शब्द महत्त्वाचा. कुत्रा एकटा शिकत नाही. कागदोपत्री या पोलिसाला 'श्वान हस्तक' म्हणतात. हस्तक म्हटलं की आपल्याला गुंडाचा हस्तक आठवतो, पण इथे अर्थ नेमका आहे. तो कुत्र्याचा हात आहे.

याच पुण्याच्या केंद्रात शिकलेला एक कुत्रा तुम्हाला ठाऊक आहे : झंजीर. मार्च 1993 च्या मुंबई बॉम्बस्फोटांनंतर तीन दिवसांनी धनजी स्ट्रीटवर एक स्कूटर संशयास्पद उभी होती. झंजीरने त्यात स्फोटकं असल्याचं दाखवलं. त्यानंतर त्याच्या नाकामुळे तीन हजार किलोहून जास्त आरडीएक्स सापडलं. 16 नोव्हेंबर 2000 ला तो हाडाच्या कर्करोगाने गेला, तेव्हा पोलिसांनी त्याला मानवंदना देऊन निरोप दिला. लोकांना नाक आठवतं. पण विचार करा, स्फोटकं काय मैदानात मांडून ठेवलेली असतात? ट्रकच्या हौद्यात, गोदामातल्या थप्पीवर, रेल्वेच्या डब्यात, जाळीच्या जिन्यावर. लोखंडी जिन्याच्या पायऱ्यांमधून खालची जमीन दिसली की न शिकवलेला कुत्रा तिथेच बसकण मारतो. नाक कितीही तीक्ष्ण असो, पाय जिथे जात नाहीत तिथे ते पोचत नाही. म्हणून प्रशिक्षण केंद्रात फळी, शिडी, चढाव, बोगदा हे सगळं असतं. प्रात्यक्षिकात पोरं टाळ्या वाजवतात म्हणून ते नसतं. (आगीच्या रिंगणातून उडी मारायला लावतात ती मात्र मला टाळ्यांसाठीच वाटते. आगीच्या रिंगणातून पळालेला चोर मी अजून ऐकलेला नाही.)

भूकंपात ढिगाऱ्यावर काम करणाऱ्या कुत्र्यांना तर याची सगळ्यात जास्त गरज. फेब्रुवारी 2023 मध्ये तुर्कस्तानात भूकंप झाला तेव्हा आपल्या राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दलाबरोबर रोमिओ आणि ज्युली हे दोन लॅब्राडोर गेले होते. नुरदागी इथे ज्युलीने ढिगाऱ्याखाली कुणीतरी जिवंत असल्याचं भुंकून सांगितलं, रोमिओने त्याला दुजोरा दिला, आणि सहा वर्षांची एक मुलगी बाहेर निघाली. हलणाऱ्या स्लॅबवर कुत्र्याने घाबरून उडी मारली तर वरचं खाली येतं. म्हणून त्याला डुलती फळी शिकवतात, म्हणजे पायाखालचं हललं तरी थांबायचं, तोल सावरायचा, मग पुढचं पाऊल. तिथे वेग नको असतो.

वेग हवा असतो तो खेळात. त्या खेळाला 'अजिलिटी' म्हणतात आणि तो तसा अलीकडचा आहे. तेव्हा लंडनला क्रफ्ट्स नावाचं कुत्र्यांचं मोठं प्रदर्शन भरायचं. 1978 मध्ये मधल्या रिकाम्या वेळात प्रेक्षक उठून जाऊ नयेत म्हणून काहीतरी करमणूक हवी होती. समितीतल्या जॉन व्हार्लीने पीटर मीनवेल या प्रशिक्षकाला गाठलं, आणि घोड्यांच्या अडथळा शर्यतीवरून त्यांनी कुत्र्यांसाठी तसंच काहीतरी बसवलं. दोन संघ, प्रत्येकात चार कुत्री. लोकांना इतकं आवडलं की 1980 मध्ये इंग्लंडच्या केनेल क्लबने नियमच केले. गाळलेली जागा भरायला आणलेला कार्यक्रम जगभरचा खेळ होऊन बसला. आपल्या गॅदरिंगमध्येही असं होतं, पडद्यामागे नेपथ्य बदलेपर्यंत पुढे गाणाराच लोकांच्या लक्षात राहतो.

या खेळात चढायची साधनं तीन. एक, तो तंबूसारखा चढाव, टोकाशी साधारण 1.7 मीटर. दुसरं, उंच अरुंद फळी : चढती, आडवी, उतरती, जमिनीपासून सुमारे सव्वा मीटर आणि रुंदीला फक्त 30 सेंटिमीटर. तिसरं, सी-सॉ. आणि आता माझ्या नातवाच्या प्रश्नाकडे या. या तिन्हींच्या खालच्या टोकाचा तीनएक फुटांचा पट्टा वेगळ्या रंगाने, बहुतेक पिवळ्याने, रंगवलेला असतो. चढताना आणि विशेषतः उतरताना कुत्र्याचा निदान एक पाय त्या पट्ट्यात पडलाच पाहिजे. नाही पडला तर गुण कापतात. का? कारण वेगात असलेला कुत्रा वरूनच उडी टाकतो, आणि सगळा भार पुढच्या पायांवर आणि खांद्यांवर येतो. एकदा निभतं, दहादा निभतं, मग सांधा जातो. हा नियम कुत्र्याच्या हाडांसाठी केलेला आहे.

आणि शिकवण्याची पद्धत ऐका, कारण ती आपल्या शाळांच्या बरोबर उलटी आहे. आपण पहिल्या धड्यापासून सुरू करतो. इथे शेवटापासून सुरू करतात. फळी आधी जमिनीवर सपाट ठेवायची. कुत्र्याला तिच्या शेवटच्या टोकावर उभं करायचं, मागचे दोन पाय फळीवर, पुढचे दोन जमिनीवर, आणि तिथेच खाऊ. दिवसभरात पाच मिनिटं, बास. ती जागा त्याला घरासारखी वाटू लागली की मग फळी एका विटेवर उचलायची, मग दोन विटांवर. उतरण पक्की झाल्यावर चढण. म्हणजे कुत्रा जेव्हा पहिल्यांदा वर चढतो तेव्हा आपण कुठे पोचणार आहोत हे त्याला आधीच माहीत असतं. अनोळखी उंचीवरून तो ओळखीच्या जागेकडे चाललेला असतो.

आणखी एक गंमत. पुढचे पाय कुठे पडतात ते कुत्र्याला दिसतं, मागचे पाय आपोआप येतात एवढंच त्याला ठाऊक असतं. म्हणून शिडी जमिनीवर आडवी ठेवून तिच्या पायऱ्यांमधून त्याला सावकाश चालवतात, की बाबा, तुला मागेही दोन पाय आहेत. वर्षाच्या आतल्या पिल्लाला उंच चढाव आणि उड्या अजिबात नकोत, त्याची हाडं अजून वाढत असतात. आणि हे खानदेशात करणार असाल तर पहाटे करा. मे महिन्यात पारा 45 च्या पुढे जातो तेव्हा पत्र्याची किंवा रंगवलेली फळी सकाळी दहालाच तव्यासारखी होते. कुत्र्याला आपल्यासारखा घाम येत नाही, धापा टाकूनच तो अंग थंड करतो. इंग्रजी पुस्तकांत हे प्रकरण नसतं, त्यांच्याकडे पाऊस हीच अडचण.

जाता जाता वर्तमानपत्रातलं एक वाक्य. "श्वानपथकास पाचारण करण्यात आले; श्वान मुख्य रस्त्यापर्यंत जाऊन घुटमळले." कितीदा वाचलं असेल! आपण हसतो, की पोलिसांचं कुत्रंही शेवटी घुटमळलंच. पण त्यातही माहिती असते. वास इथे संपतो, म्हणजे माणूस इथून गाडीवर बसला. मात्र हे 'म्हणजे' कुणी म्हणायचं? क्रिसिप्पसचा प्रश्न पुन्हा आला. महाराष्ट्रातल्याच एका रेल्वे घातपाताच्या खटल्यात, अब्दुल रझाक मुर्तझा दफेदार यांच्या प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने 1969 मध्ये यावर विचार केला. कुत्र्याला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं करता येत नाही, त्याची उलटतपासणी होत नाही, त्याच्या वतीने बोलतो तो हस्तक. तेव्हा अशा पुराव्याला फार वजन देता येणार नाही, असं न्यायालय म्हणालं. मला हा निवाडा शहाणपणाचा वाटतो. कुत्रा खोटं बोलत नाही, पण त्याच्या वागण्याचा अर्थ लावणारे आपण असतो.

आता माझी गोष्ट. पांझरेच्या काठी आमचं गाव. घर धाब्याचं, मातीचं सपाट छप्पर. उन्हाळ्यात आम्ही सगळे रात्री धाब्यावर झोपायचो, वर जायला अंगणातून लाकडी शिडी. आमचा कुत्रा मोत्या, साधा गावठी. आम्ही पोरं वर गेलो की तोही धडपडत शिडी चढून यायचा. चढायचा कसाबसा, पण सकाळी उतरता येईना. कठड्याशी उभा राहून केकाटायचा. आजी म्हणायची, "चढनं सोपं शे भाऊ, उतरनं जड शे." मग कुणीतरी त्याला खांद्यावर टाकून खाली आणायचं.

एक दिवस ते माझ्यावर आलं. मी दहा वर्षांचा, नदीवर जायची घाई, बाकीची पोरं पुढे गेलेली. मी त्याच्या गळ्यात दोरी बांधली, खाली उतरलो आणि ओढलं. तो पाय रोवून उभा राहिला. मी आणखी जोरात ओढलं. तो शिडीच्या मधल्या पायरीवरून अंगणात पडला. पुढचा डावा पाय दुखावला, आठदहा दिवस तो तीन पायांवर होता. घरात मी सांगितलं की तो आपणहून पडला. पाय बरा झाला, पण मोत्या शिडीच्या जवळ येईना. रात्री आम्ही वर, आणि तो खाली अंगणात तोंड वर करून बसलेला.

आमच्याकडे एक सालदार होते, भिल्ल समाजाचे. आम्ही त्यांना आबा म्हणायचो. त्यांनी काही विचारलं नाही. दोरीचा वळ त्यांना दिसला असणार. आखाजीच्या दुसऱ्या दिवशी त्यांनी जुन्या दाराची एक लांब फळी काढली, तिच्यावर गोणपाट घट्ट बांधलं, म्हणजे पाय घसरणार नाही, आणि ती ओट्याला टेकवली. ओटा किती उंच? दीड-दोन फूट. मोत्याला उचलून फळीच्या अगदी खालच्या टोकावर ठेवलं आणि जमिनीवर भाकरीचा तुकडा. एक पाऊल, आणि उतरला. दुसऱ्या दिवशी वीतभर वर. रोज संध्याकाळी बैलांना पाणी दाखवून झालं की हा कार्यक्रम. ओढणं नाही, ओरडणं नाही. मोत्या नको म्हणाला, की आबा त्याला घेऊन सरळ निघून जायचे. मग फळी गोठ्याच्या भिंतीला, मग शेवटी धाब्याला. मिरगाचा पहिला पाऊस आला त्याच्या आदल्या आठवड्यात मोत्या वरून खाली आपल्या पायांनी उतरला. चढायचं आबांनी त्याला शिकवलंच नाही. उतरता आल्यावर तो आपणच चढला.

पुढे मी अमळनेरला शिकलो. प्रताप शेठजींनी 1916 मध्ये स्थापन केलेल्या तत्त्वज्ञान मंदिराच्या ग्रंथालयात वर्षानुवर्षं बसलो. कृष्णचंद्र भट्टाचार्य, मलकानी यांसारखे लोक जिथे वावरले ती जागा. डॉक्टरेट झाली. तीस वर्षं देकार्तचा व्हायोलिन आणि फटके वर्गात सांगितले. आणि निवृत्तीनंतर एकदा नातेवाइकांकडे पुण्याला कुत्र्यांच्या शिक्षणावरचं एक इंग्रजी पुस्तक सहज हातात आलं. त्यात लिहिलं होतं : फळीवर न घसरणारं आवरण घाला, उंची हळूहळू वाढवा, शेवटापासून सुरुवात करा, कुत्र्याने नकार दिला तर त्या दिवशी थांबा. चार सूचना. मी पुस्तक मिटलं आणि बराच वेळ तसाच बसलो. मला गोणपाट दिसत होतं.

आबांना मी कधी विचारलं नाही की तुम्हाला हे कुणी शिकवलं. त्यांच्या बापाने असेल, रानात कुत्री घेऊन फिरताना असेल. मी कॉलेजात असतानाच ते गेले. दोरीचं खरं काय ते मी त्यांना सांगितलं नाही, घरात कुणालाच सांगितलं नाही. आज पहिल्यांदा सांगतो आहे.

मोत्या नंतर सहासात वर्षं जगला. रोज रात्री धाब्यावर यायचा, सकाळी फळीवरून उतरायचा, शेवटच्या टोकापर्यंत, पाय जमिनीला लागेपर्यंत. फक्त खाली मी उभा असलो, तर तो वरच थांबायचा. मी बाजूला झालो की उतरायचा.